पायांविषयी नोंद

आज ते पुन्हा आले, जेल रोडच्या तिसऱ्या मजल्यावर,
दिवे, काळी छत्री, केसाळ माईक,
आणि सोसायटीचा पंप बंद करा म्हणून
खाली एक मुलगा पळवला.
तोवर मी वह्या काढल्या.
एकतीस वर्षं नोटांच्या कारखान्यात नंबर तपासले,
रविवारी मैदानांचे.
कोण किती सेकंदांनी हरलं हे विचारायला
आजवर चार माहितीपट घरी येऊन गेले.
एकात माझा हात आहे, पान उलटताना.
एकात आवाज, अकरा सेकंद.
एकात शेवटी नाव, खैरनारचं खैरे होऊन.
चौथा अजून निघतोच आहे.

हा पाचवा. यमुना भोयेवर.
डिसेंबर चौऱ्याहत्तर, गोल्फ क्लबचं मैदान,
त्र्यंबक रस्त्याने सातपूर गाठून परत,
मुलींत पहिली, सुरगाण्याकडची, वय सोळा.
दिग्दर्शिका म्हणाली, सर, एवढंच बोला:
ती अनवाणी धावली.
त्यांनी तसं चित्रित करूनही ठेवलंय,
पेठ रस्त्यावर, पहाटे,
पैसे देऊन आणलेल्या मुलीचे पाय,
खडी, धुकं, टाचेला लावलेलं लाल.
मी पाहिलं. चांगलं आहे. माझाही घसा दाटला.

पण माझ्याकडे फोटो आहे.
पोस्टकार्डाएवढा, कडा कसरीने खाल्लेल्या,
आणि भिंग धरलं तर डाव्या पायावर
तांदळाच्या दाण्याएवढी
लेसची गाठ.

नाही, मी म्हणालो.
कॅमेरा चालू होता.
ती म्हणाली, पण सर, यमुनाताई स्वतःच सांगतात.
पन्नास वर्षं तेच सांगताहेत.

खरंय. म्हणून तर परवा सकाळी फोन केला होता.
पलीकडे कोंबड्या, कुणाचं तरी बाळ, मग तिचा श्वास.
लेस म्हटलं मी, आणि ती बराच वेळ गप्प.
मग म्हणाली,
तू सुशीचा धाकटा ना रे?
बूट सुशीचे होते. मोठे व्हायचे मला,
पुढं चिंध्या कोंबल्या तिनंच.
बक्षीस झालं आन् सर ओरडायला लागले, गाडी सुटतेय,
पायातच आले माझ्या.
कुणाला बोलू नको म्हणली होती आधीच. नाही बोलले.
आता ती नाही,
तर परवानगी कोणाची घेऊ?

सुशी. तापामुळे आदल्या दिवशी संघातून वगळलेली.
म्हणजे त्या दिवशी एक मुलगी अनवाणी होती खरी,
पण ती धावत नव्हती.
दोरीला धरून उभी होती, ओरडत असेल,
तिचा आवाज बारीक होता, कुणाला ऐकू गेला नसणार.
अंधार पडल्यावर घरी आली,
म्हणाली, बूट चोरीला गेले.
आईने कपडे वाळत घालायची काठी काढली.
मी नऊ वर्षांचा, पिंपाआड,
काय करावं सुचेना म्हणून मोजत राहिलो.
सात.
वह्या नंतर आल्या. मोजणं तिथलं.

मग बूट कुणाचे होते, सर?

मी पाणी प्यालो.
सगळा पेला प्यालो, सावकाश,
आणि दिव्याने डोळ्यांत पाणी येतं
हे कुणीतरी आपणहून म्हणालं.
खाली पंप सुरू झाला. कट. पुन्हा विचारलं.
पायात बूट होते, मी म्हणालो, एवढं वापरा.
कुणाचे, त्याची नोंद नाही.

खोटं बोललो. पण तेव्हा नोंद खरंच नव्हती.

वायरी गुंडाळून ते गेले,
टीपॉयवर चार कप, एकात बुडालेलं बिस्कीट.
मी चौऱ्याहत्तरची वही उघडली,
यमुना भोयेच्या वेळेखाली
दोन ओळी रिकाम्या होत्या.
पेन्सिलीने लिहिलं:
सुशीला खैरनार.
गोल्फ क्लब ते भद्रकाली, ताप अंगात, अनवाणी.
वेळ कोणी घेतलेली नाही.